वरवंट्याने अडवलेलं दार

“हाय का, गुरुजी?” समोरच्या दारातून हाक यायची. मी “हाय” म्हणायचो. एवढंच आमचं बोलणं, पण तेवढ्यावर माझा दिवस निघायचा.

बीडच्या आमच्या अपार्टमेंटमध्ये मावशी आल्या शिरूर कासारहून. उभं आयुष्य ऊसतोडीत गेलेलं. मुलगा पुण्यात इंजिनिअर झाला आणि त्याने आईसाठी इथे फ्लॅट घेतला. पहिल्याच दुपारी मजल्यावरची सगळी दारं बंद बघून त्यांनी मला विचारलं, “सगळी तोडीला गेलीत व्हय?” मला हसू आवरेना. त्या मात्र गंभीर होत्या. त्यांच्या गावात भरदिवसा दार बंद दिसलं, की ते घर ऊस तोडायला गेलं असंच समजतात.

स्वतःचं दार त्या दिवसा कधी लावत नसत. उंबऱ्यात बसून ज्वारी निवडायच्या आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला हाक मारायच्या. शेजारी राहणारे सोसायटीचे सेक्रेटरी चिडले, चोर येतील म्हणाले. मुलाने आपोआप लागणारं कुलूप बसवलं, तर मावशींनी दारात वरवंटा आडवा टाकला. “मी हाय की घरात. दार कावून लावू?”

एकदा मी हाकेला ओ दिली नाही. तापाने फणफणलो होतो. दूध घेतल्यावर दार नुसतं लोटलेलं राहिलं होतं. मावशी सरळ आत आल्या, कपाळाला हात लावला आणि हुलग्याचं माडगं करून आणलं. बायको गेल्यापासून मी एकटा. आपण आजारी आहोत हे कुणाला तरी कळलं, याचंच मला रडू आलं. बरा झालो आणि माझंही दार उघडं राहू लागलं.

मग सेक्रेटरींनी मावशींच्या मुलाला तक्रारीचा फोन केला. आईला पुण्याला न्यायला तो निघाला. मावशींनी डोळे पुसत गाठोडं बांधलं. पण तो लिफ्टमधून बाहेर आला, तेव्हा मजल्यावरची सगळी दारं सताड उघडी! कोपऱ्यातल्या नव्या जोडप्याने दाराला फुलझाडाची कुंडी लावलेली, मी पिठाचा डबा. आणि सेक्रेटरींच्या दाराला गॅसची टाकी, खुद्द त्यांच्या बायकोने ओढून आणलेली.

“इथं आईकडं लक्ष कोण देणार?” त्याने विचारलं.

“आम्ही!” तिन्ही दारांतून एकदमच आलं.

“झालं समाधान?” मावशी म्हणाल्या. “आता च्या घे आन् जा.”

काय तो रुबाब! तुम्ही बघायला हवा होता.

पुण्याला त्या गेल्या नाहीत त्या नाहीतच. पुढे त्यांनी प्राण सोडला तोही त्याच उंबऱ्यात, मांडीवर ज्वारी निवडायचं सूप असताना. आता तिथे कुलूप आहे. वरवंटा मी मागून घेतला, तो माझ्या दारात असतो.

काल सकाळी पेपर वाचता वाचता माझा डोळा लागला. बाहेरून हाक आली, “हाय का, गुरुजी?”

दचकून बघतो तर दारात सेक्रेटरी उभे.

“हाय,” मी मोठ्याने म्हणालो, “हाय की!”