टॉवेलची खुर्ची
उन्हात वाळलेल्या टॉवेलाचा वास आला की तो दिवस आठवतो. माझी बायको सरकारी ऑफिसात क्लार्क होती. तिथे पांढरा टॉवेल फक्त साहेबाच्या खुर्चीला. तिला डावलून ज्युनिअरला बढती दिली, म्हणून ती कोर्टात गेली. जिंकली, पण तोवर रिटायर झाली होती. बढती नुसती कागदावर मिळाली. निकालाच्या संध्याकाळी मी गिंडी भागातल्या माझ्या वर्कशॉपमधनं घरी आलो, तर आमच्या वेताच्या खुर्चीला टॉवेल लावून ती ऐटीत बसलेली. "अहो, आत येताना विचारायचं असतं!" मी म्हटलं, "येऊ का, मॅडम?" "या. कॉफी आणा." मी केली. "पांचट," असा शेरा मारून तिने सगळी प्यायली. आता ती नाही. टॉवेल मीच धुतो, खुर्चीला लावतो. आत येताना अजून विचारतो.