डिकीतलं गोळ्यांचं पाकीट

हे लिहावं की नाही, यात माझे बरेच दिवस गेले. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. त्यामुळे तिथं शिकलेलं घरी किती बोलायचं, हे मला अजून नीट कळत नाही. पण तीन-चार महिने मी एका बाईवर जळत होते, त्याच्या मुळाशी एक औषध होतं, आणि मी तर औषधांचंच शिक्षण घेत होते. म्हणून लिहिते.

मी बारामतीला बी. फार्म.च्या तिसऱ्या वर्षाला होते. आठवडाभर वसतिगृहात राहायचं आणि शनिवारी दुपारच्या एसटीनं निमगाव केतकीला घरी जायचं. माझे मिस्टर ढोबळी मिरची आणि टोमॅटो लावतात. माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठे. लग्न ठरताना त्यांनी एकच शब्द दिला होता, की शिक्षण पुरं करू देईन. तो त्यांनी पाळला.

दिवाळीनंतर त्यांनी माझ्याकडे पाठ फिरवली. याहून उघड मला लिहिता येत नाही. पूर्वी मी येणार म्हणून ते स्टँडवर अर्धा तास आधी उभे असायचे. आता पिशवी घ्यायचे, जेवायचे आणि भिंतीकडे तोंड करून झोपायचे. "दमलोय गं," म्हणायचे. दोन शनिवार मी ऐकून घेतलं. तिसऱ्या शनिवारी मला लोणी भापकरची रोपवाटिका आठवली.

ती रोपवाटिका एक बाई चालवते. मिस्टर तिच्याशी फोनवर हसून बोलायचे. व्हॉट्सअॅपच्या फोटोत ती ट्रॅक्टरवर बसलेली, डोळ्यांवर गॉगल. सोमवारी मिस्टर मला गाडीवर बारामतीला सोडायचे, आधी कॉलेजच्या फाटकापर्यंत. आता स्टँडवरच उतरवायला लागले. "पुढं लोणीला जायचंय, रोपं बघायची हायत." डोक्यावर नवी टोपी. ती टोपी कुणासाठी, हे मी मनात ठरवून टाकलं. वर्गात बसून मी हिशेब करायचे, आता पोचले असतील, आता तिनं चहा ठेवला असेल.

मग घरात एक काचेची बरणी दिसायला लागली. सकाळी उठल्यावर मिस्टर त्यातलं पाणी प्यायचे. सासूबाईंना मी आत्या म्हणते. त्यांना विचारलं.

"धनं न् खडीसाखर हाय. उष्णता उतरती त्यानं."

"पण कशाला?"

"त्यानंच मागितलं बाई. मी काय इचारलं न्हाय."

शेजारच्या काकू धान्य निवडत बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "बैरागी पित्यात ते. बायको हॉस्टेलात, नवरा रानात. बरंच हाय की, पाणी पाजा आन् गप बसवा."

आत्या पदर तोंडाला लावून हसल्या. मीही हसले, पण आतून पेटले. वनौषधींच्या पुस्तकात पाहिलं. धने, निर्गुडी, कापूर यांनी इच्छा कमी होते असं लोक मानतात, एवढंच होतं. सिद्ध झालंय असं कुठं नव्हतं. मला मात्र तेवढं पुरलं. बाहेर जाऊन येतात आणि घरी पाण्याचं निमित्त करतात, असं मी धरून चालले.

एका रविवारी त्यांचा फोन चाळला. मिरचीच्या पानांचे फोटो आणि रोपांचे भाव, बाकी काही नाही. त्याचाही मला रागच आला. इतका स्वच्छ फोन कुणी ठेवतं का?

पुढच्या रविवारी ते विहिरीवर गेले असताना मी गाडीची डिकी उघडली. एखादी केसांची पिन, रुमाल, काहीतरी सापडेल म्हणून. कागदांच्या खाली गोळ्यांचं पाकीट होतं. नाव वाचलं, फिनास्टेराइड. ही केस गळतीची गोळी. महिन्याभरापूर्वीच सरांनी शिकवली होती. काही पुरुषांमध्ये हिनं इच्छा कमी होते, रक्तदाबाच्या आणि मनाच्या आजाराच्या काही गोळ्यांनीही होते, असं ते म्हणाले तेव्हा मागची पोरं खिदळली होती. मी ते लाल पेनानं वहीत उतरवून घेतलं होतं.

पाकीट घेऊन मी विहिरीवर गेले.

"हे कुणी दिलं तुम्हाला?"

"मेडिकलवाल्यानं. दोस्त खातो, त्यानं नाव सांगितलं."

"डॉक्टरला विचारलं?"

"केसाला काय डॉक्टर लागतोय?"

"कुणासाठी खाताय पण?" मला लोणीचं नाव ऐकायचं होतं.

ते मोटारीचा पाइप आवळायला लागले. "दिवाळीआधी तुमच्या गॅदरिंगला तुझ्या वर्गातलं एक पोरगं मला म्हणलं, काका, गाडी जरा बाजूला घ्या. तू हसलीस."

मी विसरूनही गेले होते.

"तवापासनं फाटकापर्यंत येऊ वाटंना. तुला स्टँडवर उतरवायचो आन् कॉलेजसमोरच्या टपरीवर जाऊन बसायचो. तू त्या पोरांसंगं बोलत आत जायचीस. एकेकाच्या डोक्यावर ही केसं."

"आणि लोणी?"

"लोणीला दोनदा गेलो असंन."

"आणि शनिवारी तोंड फिरवता ते?"

"मला वाटलं वय झालं माझं. तुला कुठल्या तोंडानं सांगू? उष्णतेनं असंल म्हणून आईकडनं पाणी मागून घेतलं."

म्हणजे बैराग्याचं पाणी ते उलट्याच आशेनं पीत होते. मी त्यांना गोळीचं सांगितलं. सगळ्यांना असं होत नाही, पण तुम्हाला झालं असेल, वयाचं काही नाही. मग फोन चाळल्याचंही सांगून टाकलं.

"फोटो बघितलंस ना? मग पानावर रोग कुठला, करपा हाय का भुरी, ते तरी सांगायचंस," ते म्हणाले.

बुधवारी बारामतीत दोघं डॉक्टरांकडे गेलो. डॉक्टरांनी गोळी बंद केली, थोडा वेळ लागेल म्हणाले. वेळ लागलाही. धन्याच्या पाण्याबद्दल म्हणाले, आवडत असेल तर प्या, केस काही त्यानं येणार नाहीत.

पुढच्या सोमवारी मिस्टर फाटकापर्यंत आले. टोपी डिकीत होती. तोच मुलगा तिथं उभा होता. मी म्हणाले, "हे माझे मिस्टर." मिस्टर त्याच्या केसांकडे बघत राहिले, ते मी पाहिलं. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला.

"कोण?" मी विचारलं. पडद्यावरचं नाव मी आधीच वाचलं होतं.

"लोणी. रोपं तयार हायत म्हणं." त्यांनी गाडीला किक मारली. "येतीस? बघून तरी घे एकदा."

दोन लेक्चर बुडवून मी मागे बसले. ती बाई फोटोपेक्षा देखणी निघाली. पुढच्या खेपेलाही मी गेले.