नावाचे तिसरे अक्षर

देवगाव रंगारीच्या पलीकडे माळ जिथे खाली उतरतो, तिथे जडखोरे नावाचा खळगा आहे. त्यात काळ जड होतो. कडेवर एक पाऊल टाकून परतणाऱ्याचा दिवस जातो, थोडे पुढे गेलेल्याचे महिने जातात, आणि मध्यावर पावसाचे थेंब दिवाळीनंतरही हवेत टांगलेले दिसतात. म्हणूनच उन्हाळ्यात माळ करपला तरी तिथले गवत हिरवे राहते आणि मेंढरे तिकडे ओढली जातात. धनगरांनी कडेने चुना फासलेले दगड मांडले आहेत. माणसे ते ओलांडत नाहीत. मेंढरांना चुना कळत नाही.

पोलीस अॅक्शननंतरच्या दुसऱ्या उन्हाळ्यात सोनाजीचे एक कोकरू दगडांपलीकडे गेले आणि सोनाजी त्याच्यामागे गेला. फार आत नाही. कोकरू खांद्यावर घेऊन तो माघारी वळला, आणि त्याच्या परतीच्या चार पावलांसाठी त्याची बायको दगडाबाई पावसाळाभर कडेला बसून राहिली. सासरा मुंजाबा कळप घेऊन पुढे गेला होता. बन्सी तिच्या पोटात होता.

शेवटच्या पावलाशी सोनाजी थबकला. कोकराचे पाय नीट धरण्यासाठी असेल. दगडाबाईला वाटले, हा आता खाली बसणार. बसला असता तर तिचा जन्म तिथेच सरला असता. तिने हाक मारली. नवऱ्याचे नाव तोंडी आणायचे नाही, हे तिच्या अंगात इतके मुरले होते की नाव तिला सुचलेच नाही. कळप हाकताना दोघे एकमेकांना जी हाळी देत, ती तिच्या तोंडून गेली. त्या हाळीचा अर्थ धनगराला सांगावा लागत नाही: जनावर मागे राहिले आहे, फीर. कडेजवळ काळ पातळ असतो. हाळी त्याला ऐकू गेली आणि सोनाजी पुन्हा आतल्या बाजूला फिरला. त्याने तिचे ऐकले, इतकेच. पाठ पुरती वळायला दोन वर्षे लागली, आणि ती दोन्ही वर्षे तिने डोळ्यांनी पाहिली.

या घटनेत कुणी क्रूर नव्हते. ज्या रिवाजाने तिची जीभ बांधली, तो पाळणारी माणसेही भलीच होती. रिवाजाची किंमत बहुधा अशीच चुकती होते. मागणारा कुणी समोर नसतो, म्हणून तक्रारही कुणाकडे करता येत नाही.

दगडाबाईने तक्रार केली नाही. ती लोकांच्या रानात खुरपायला जाई आणि दिवस मावळायच्या आत कडेला येऊन बसे. कपाळाचे कुंकू राहिले, कारण माणूस दिसत होता. जिल्हा हैदराबादेतून मुंबई राज्यात गेला, पुढे महाराष्ट्रात आला. सोनाजी मात्र आणखी आत पाऊल टाकीत होता, मागे न राहिलेली मेंढी शोधत. आता तो इतका आत होता की कडेवरची कोणतीही हाक त्याच्यापाशी पोचेपर्यंत किड्याच्या गुणगुणीहून लहान झाली असती.

एका वर्षी शेजारच्या विहिरीवर तेलाचे इंजिन बसले. ते हंगामभर धडधडत होते. हंगाम सरताना दगडाबाईला दिसले की सोनाजीच्या खांद्यावरल्या कोकराने कान टवकारला आहे. तिने त्यावर बरीच वर्षे विचार केला: हंगामभर लांबलेला आवाज आत पोचतो. मग, शहरात कामाला लागलेल्या बन्सीची पोरे मोठी झाल्यावर, तिने मजुरी सोडली आणि कडेला बसून 'सो' म्हणायला सुरुवात केली. उजाडल्यापासून अंधार पडेपर्यंत, दम घेऊन पुन्हा, तेच. एका अक्षराला तिने जवळजवळ एक वर्ष दिले. मग 'ना' धरले.

विहिरीवर येणारी वच्छलाबाई तिला म्हणाली, "दगडाबाई, लग्नात उखान्याला तोंड उघडत नव्हतीस. आता येक अक्षर वरीसभर पुरवतीस व्हय?"

"पुरवाया लागतं. वाट लांब हाय."

एवढ्या बोलण्यापुरते अक्षर तुटले. मग पुन्हा सुरू झाले. पहिल्या दिवशी नाव घेताना तिला शरम वाटली होती. पुढे तीही उरली नाही. नावात नवराही उरला नाही. घशातले एक कंपन तेवढे उरले.

बन्सी तिला न्यायला आला तेव्हा त्याचे केस पांढरे झाले होते. औरंगपुऱ्यातल्या कापडदुकानात त्याची उमर गेली होती.

"आई, मुकुंदवाडीला दोन खोल्या हायेत. दारात नळ हाय. आता चल."

"तिसरं अक्षर चालू हाय. पाडव्यापून."

"मंग दिवाळीनंतर चल."

"दिवाळीपतोर दम पुरायचा नाय." ती खोकली. खोकला लवकर थांबला नाही.

"ऱ्हाऊ दे की मंग तेवढं."

"अर्ध्या नावाला कोन वळंल?"

बन्सी खोऱ्याकडे पाहत राहिला. आत पाठमोरा एक तरणा माणूस होता. बन्सीच्या थोरल्या पोराएवढा. "वळला तरी काय? भाईर यील तवा त्याला वळखीचं कोन आसंल?"

"तू आसशील. न्हाय तर तुजी पोरं. त्याला दमानं सांगा. येकदम सांगू नगा."

तिने पदराच्या गाठीतली भाकर सोडली आणि चुन्याच्या दगडावर त्याच्यासाठी जागा केली. त्याला समजले.

"बापाचं नाव मी कसं घिऊ?" तो म्हणाला.

"मीबी त्या दिशी आसंच केलं," दगडाबाई म्हणाली.

दुकानाची रजा सोमवारी संपत होती. बन्सी दगडावर बसला. घसा साफ केला, रानात कुणी आहे का ते पाहिले आणि हळूच म्हणाला, "जी."

"मोठ्यानं. आन मधी थांबू नगं. दम नाकानं घे."

त्याने दम घेतला. ती भाकर खाऊ लागली. खोऱ्यात सोनाजीची पाठ होती तशीच होती.