मट्ट की मठ्ठ
नागोजीरावांचे पूर्वज म्हैसूरच्या फौजेत घोडेस्वार होते. नागोजीराव कारखान्यात यंत्रं बसवतात. घोड्यापेक्षा यंत्र बरं, असं त्यांचं मत. एकदा नीट बसवलं की ते जागचं हलत नाही.

ब्याण्णव साली म्हैसूरजवळ हिनकलच्या एका कारखान्यात चार नव्या लेथांपैकी, म्हणजे धातू कापायच्या यंत्रांपैकी, पहिलं आलं. नागोजीरावांनी दोन दिवस त्याच्या पायांचे स्क्रू केसाकेसानं फिरवले. हाताशी रसमट्ट, म्हणजे काचेच्या नळीत बुडबुडा असलेली आपली पाणसळ. कारखान्याचे इंजिनिअर नुकतेच सांगलीहून आलेले. परमुलखात मराठी माणूस भेटल्याच्या आनंदात ते म्हणाले, "रिपोर्ट मराठीतच लिहा."

नागोजीरावांनी लिहिलं, 'यंत्र मट्ट आहे. शंका नाही.' मट्ट हा शब्द कानडी आहे, हे त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांच्या घरात तीन पिढ्या समपातळीला दुसरा शब्दच नव्हता.

इंजिनिअरांनी दुसऱ्या दिवशी सकाळी लाल पेनानं आधी शुद्धलेखन सुधारलं, मट्टचं मठ्ठ केलं. मग खाली शेरा मारला: 'मठ्ठ यंत्र परत पाठवावे. उरलेली तीन यंत्रे या गृहस्थांना देऊ नयेत.'

तीस वर्षांत नागोजीरावांचं एकही काम परत गेलं नव्हतं. त्यांनी शेरा दोनदा वाचला.

"यंत्राला मठ्ठ म्हणायला मी काय त्याचा मास्तर आहे, सार?"

"तुम्हीच लिहिलंय."

नागोजीरावांनी रसमट्ट लेथच्या बेडवर, म्हणजे खालच्या लांब लोखंडी पाटावर, ठेवली. "नोडी, हे बघा. बुडबुडा बरोबर मधे. याला मट्ट म्हणायचं."

"म्हणजे क्षैतिज. आडवं. मग तसं लिहायचं ना."

"आडवा तर दारू प्यालेला माणूसही पडतो, सार. मट्ट असतो का तो?"

इंजिनिअरांच्या अभ्यासक्रमात हा प्रश्न नव्हता.

"बेडला पीळ असला तर कापलेली सळई एका टोकाला जाड होते," नागोजीराव म्हणाले. "हातभर सळई लावा. तुम्हीच कापा, तुम्हीच मोजा. फरक निघाला तर मी घरी जातो."

इंजिनिअरांनी सळई कापली. मायक्रोमीटरनं दोन्ही टोकं मोजली. मग मायक्रोमीटरवर विश्वास नसल्यासारखा दुसरा मागवला आणि पुन्हा मोजली. फरक नव्हता. त्यांनी आपला शेरा खोडला आणि सही केली.

"बाकीची तीन कधी बसवताय?"

"सोमवारपासून. पण रिपोर्ट कानडीत लिहीन."

"मला कानडी वाचता येत नाही हो."

"म्हणूनच, सार."