परतीचा टोल

आमच्या शिरपूरकडच्या आधारनानाची केळी ट्रकने धुळ्याला जात. भाडं आणि पुलाचा टोल सोसायटी परस्पर त्याच्या बँक खात्यातून कापून घेई. ब्याण्णव साली पासबुकात टोल दोनदा दिसला, आणि नाना बायकोला घेऊन बँकेत भांडायलाच गेला. बायको म्हणजे केसरबाई. महिनाभर रुसून धुळ्याला माहेरी बसलेली, गेल्याच आठवड्यात परतली होती.

"साहेब, टोल दोनदा कसा?"

"नाना, ट्रकचा जायचा एक, यायचा एक."

"केळी गेली ती गेली, परत आली का? रिकाम्या ट्रकचा टोल मी का भरू?"

"रिकामा?" मागून केसरबाई कडाडली. "मंग मी काय धुळ्याहून पाखरागत उडीसन उनू? तुम्हीच ना ड्रायव्हरला सांगितलं, येताना हिला घेऊन ये?"

अख्ख्या बँकेनं कान टवकारले.

"जड वाटत असेल टोल, तर उद्याच्या केळीसोबत मी जास परत!"

नाना काउंटरवर चढायचाच बाकी राहिला. "साहेब, बठ्ठं बरोबर शे! कापा, कापा!"

निघताना केसरबाईनं हळूच विचारलं, "साहेब, केळीचा टोल जास्त की माझा?"

"सारखाच."

झालं, ती पुन्हा फुगली! पण नाना खूश. म्हणे, फुगली तर फुगली, घरीच फुगली ना!