शुभेच्छुकांच्या रांगेत माझं तोंड

"मॅडम, उठा. खुर्ची पदाची असती. तुमच्याकडं सध्या पद हाय का?"

पाटोद्याच्या कार्यालयात गटशिक्षणाधिकारी मला म्हणाले. सगळ्या कारकुनांच्या देखत. मी उठले. खुर्चीवर बापूंचा पुतण्या बसला. बारावी नापास. बसताना त्यानं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. साहेबांनी त्याच्यासाठी चहा मागवला. मी भिंतीला टेकून उभी राहिले. मुकाट्यानं उठले, याची चीड अजून जात नाही.

बापू म्हणजे आमच्या भागाचे पुढारी. त्यांच्या वाढदिवसाच्या मिरवणुकीवर फुलं उधळायला मी माझ्या शाळेची पोरं रस्त्यावर नेली नव्हती. गणिताचा तास चालू होता. बाहेर ऊन मी म्हणत होतं. आठवडा झाला नाही तोच निलंबनाचा आदेश आला. कारण काय, तर कर्तव्यात कसूर. मी शिकवत होते, हीच कसूर.

चौकशी होणार होती म्हणे. वर्ष होत आलं, बापूंच्या पुढच्या वाढदिवसाची तयारी लागली, तरी दोषारोपपत्र नाही. माझा गुन्हा काय, एवढं लिहून द्यायलाही यांचा हात चालत नाही. लिहिणार तरी काय? मी मात्र रोज पाटोद्याला जायचं, हजेरी द्यायची, बसून राहायचं. मेंढरं राखणाऱ्याची पोर मी. माझ्या बापानं मेंढरंसुद्धा अशी विनाकारण कोंडली नाहीत.

पुतण्या गेल्यावर साहेबांनी मार्ग सांगितला. "बापूंच्या फ्लेक्सवर फोटो द्या, शुभेच्छुक म्हणून. लगेच शाळेवर जाताल. लई जणांनी केलंय."

खोटं नव्हतं. आमच्याकडं निलंबित माणूस आधी फ्लेक्सवर झळकतो, मग कामावर येतो. सरकारी नोकरानं राजकारणापासून लांब राहावं, असा नियम. आणि नियम सांगणारे साहेबच असली अक्कल शिकवणार. जनाची नाही, मनाचीही नाही. मी म्हणाले, "मला दोषारोपपत्र द्या." साहेब हसले.

वाढदिवसाच्या दिवशी नवऱ्यानं मला मोटारसायकलवरून मांजरसुंब्याच्या फाट्यावर सोडलं. पाटोद्याच्या एसटीची वाट बघत मान वर केली, तर समोर मीच. वर बापू, हात जोडून, हत्तीएवढे. खाली वाळूचा ठेकेदार आणि एक ढाबेवाला, त्यांच्या मधोमध माझं तोंड. माझा लग्नातला फोटो. तो आमच्या कपाटाबाहेर कुठंच नव्हता.

मी नवऱ्याकडं बघितलं.

"म्याच दिला," तो म्हणाला. "सही न्हाई, काई न्हाई. नुस्ता फोटो. तुजं रोज तिथं जाऊन बसणं बघवंना मला."

"तुमाला बघवंना, म्हणून मी बापूची झाले?"

त्याचा राग आला आणि कीवही आली. वर्षभर त्यानंही घरात सोसलं होतं.

कलिंगडाच्या गाड्यावरून सुरी उचलली. खालची रांग हाताला येत होती. शुभेच्छुक खालीच असतात. माझ्या तोंडाभोवती चौकोन कापला. बापूंना धक्का लावला नाही. सुरीसुद्धा विटाळली असती.

गर्दी जमली. एकानं मोबाईल धरला. "बाई, कावून फाडता?"

"माजं तोंड हाय. माजं मी नेते."

तेच तोंड नेऊन पाटोद्यात साहेबांच्या टेबलावर टाकलं. "इतके दिवस तुम्हाला माझा गुन्हा सापडला नाही. हा घ्या. फ्लेक्स फाडला, भर चौकात. लिहा आरोप, लावा चौकशी."

साहेबांनी तो तुकडा उचलून फायलीखाली सारला. चौकशी लावायची तर फोटो द्यायची अक्कल कोणी शिकवली, हेही निघणार. "मॅडम, सांजच्याला बंगल्यावर हार घिऊन या," ते हळूच म्हणाले. "बापू मोठ्या मनाचे हायत. मिटवून टाकू."

"मिटवायचं नाही," मी म्हणाले. "माझी चौकशी व्हायलाच पाहिजे. तुम्ही नाही लावली, तर मी कोर्टात जाऊन तुमची लावते."

दुसऱ्या दिवशी बीडला गेले आणि वकीलपत्रावर सही करून आले. नवरा सोबत येतो म्हणाला. मी एकटीच गेले.