पांढरा शर्ट

आमच्या वरच्या मजल्यावरचे कॅमेरामन नागपूरच्या मे महिन्यातही पूर्ण बाह्यांचा काळा शर्ट घालतात. ते मातीच्या बाहुल्यांचे सिनेमे काढतात. बाहुली केसभर हलवायची, फोटो घ्यायचा, पुन्हा हलवायची. आमच्या कचेरीतली फाइलही याहून पटकन सरकते. पांढऱ्या कपड्याचा उजेड बाहुलीवर पडतो म्हणून शर्ट काळा, आणि कॅमेरा थरथरतो म्हणून कूलर बंद. एकदा आंबे द्यायला मी पांढऱ्या शर्टात आत शिरलो आणि तेवढ्यात फोटो निघाला. त्यांनी आंबे ठेवून घेतले आणि बाहुली पुन्हा केसभर हलवली.

वर्षभराने त्यांनी दीड मिनिटाचा सिनेमा दाखवला. भाकर थापता थापता म्हातारीच्या बाहुलीचं तोंड मध्येच लख्खकन उजळलं.

"तो तुमचा शर्ट होय," ते म्हणाले.

"मग तेवढा फोटो काढून नाही टाकला?"

"काहून काढू भाऊ? सालभरात वर आलं कोण तुमच्याबिगर?"